गुडघ्याचा टक्का

"अंगठा पुण्यात तुटला काय आणि परभणीत तुटला काय, अंगठाच ना वकीलसाहेब? मग एकाला दोन लाख आणि दुसऱ्याला बारा, हा कुठला न्याय? दरपत्रक लावा भिंतीवर. अंगठा इतके, पाय इतके, डोळा इतके. तुमची गरज नाही, आमची गरज नाही, तारखा नाहीत."

हे म्हणणारे गृहस्थ विमा कंपनीत बत्तीस वर्षं काढून निवृत्त झालेत. माझ्या पक्षकारांविरुद्ध त्यांनी ढीगभर दावे लढवले. लोकअदालतीच्या टेबलावर शेवटचे पाच हजार त्यांनी कधी सोडले नाहीत, त्यामुळे मला त्यांच्याबद्दल आदरच आहे. आणि हे मत त्यांच्या एकट्याचं नाही. अपघाताच्या दाव्यांत न्यायालयं परक्याच्या पैशावर उदार होतात, न्यायाधीशागणिक आकडा बदलतो, सगळी लॉटरी आहे, असं कोर्टाच्या कँटीनमध्येही ऐकू येतं आणि परिसंवादाच्या व्यासपीठावरही. उपाय ठरलेला: दरपत्रक. हे ऐकायला इतकं सरळ वाटतं की त्याला विरोध करणारा वकील आपली फी वाचवतोय, असा संशय समोरच्याच्या डोळ्यांत लगेच दिसतो. संशय असू द्या. म्हणणं तरीही चूक आहे.

एका दाव्यातली साक्ष सांगतो. अर्जदार बाई अडतीस वर्षांच्या, शेतमजूर. रस्त्याच्या कडेने चालताना टेम्पोने उडवलं. गुडघ्याच्या वाटीचे तुकडे, त्याच्या वर मांडीचं हाड मोडलेलं. प्लेट बसवली, हाड जुळलं, पण गुडघा काटकोनाच्या पुढे वाकेना. दाखल्यावर पंचवीस टक्के कायमचं अपंगत्व. कंपनीच्या वकिलांनी उलटतपासात डॉक्टरांना तो नेहमीचा प्रश्न विचारला, जो आमच्याकडे कालच सनद मिळालेल्या पोरालाही पाठ असतो. "हे पंचवीस टक्के त्या पायाचे की पूर्ण शरीराचे?" "पायाचे." "पूर्ण शरीराचे धरले तर?" "आठेक टक्के होतील." वकील बसले. त्यांचं काम झालं होतं.

फेरतपासात मी एवढंच विचारलं, "डॉक्टर, या बाई उकिडव्या बसू शकतील का?"

"नाही."

भांगलण उकिडवं बसून करतात. खुरपं घ्यायचं, पात धरायची आणि बसल्या बसल्या सरकत बांधापर्यंत जायचं, मग पुढची पात. कांद्याची काढणी, शेंगा तोडणं, म्हशीची धार, सगळं तसंच. या बाईंच्या हाताला चार पैसे ज्या ज्या कामातून मिळत होते, त्यातलं जवळजवळ प्रत्येक काम दोन्ही गुडघे पूर्ण दुमडल्याशिवाय होत नाही. दाखला देताना गुडघा किती अंश वाकतो हे मोजतात. पण न वाकणाऱ्या उरलेल्या अंशांत कुणाची मजुरी अडकली आहे, हे त्या मोजमापात येत नाही. तो डॉक्टरांचा दोष म्हणता येणार नाही, त्यांना विचारलं जातं तेवढं ते सांगतात.

आमच्या निवृत्त साहेबांनीही मध्यंतरी गुडघा बदलून घेतला. तेही आता उकिडवे बसत नाहीत, सत्यनारायणाला खुर्ची मागवतात. त्यांच्या पेन्शनमधून एक रुपया कमी झालेला नाही, आणि तसा तो व्हावा असं मलाही वाटत नाही. पण त्यांच्या दरपत्रकात हे दोन्ही गुडघे एकाच ओळीत येतात.

आता हिशेब मांडू, कारण 'लॉटरी' हा शब्द हिशेब न मांडणाऱ्याच्याच तोंडी येतो. वर्षाचं उत्पन्न वयानुसार किती पटीने गुणायचं हे सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली सरला वर्मा निकालात ठरवून दिलं. पंचविशीपर्यंत अठरा, सव्वीस ते तीसला सतरा, असं उतरत उतरत पासष्टीनंतर पाच. छत्तीस ते चाळीस या गटाला पंधरा. पुढे उत्पन्न वाढलं असतं त्याबद्दल किती धरायचं, ते २०१७ साली पाच न्यायाधीशांच्या पीठाने प्रणय सेठी प्रकरणात ठरवलं: चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगारी माणसाला चाळीस टक्के, कायम नोकरी असेल तर पन्नास. हे मृत्यूच्याच दाव्यांपुरतं आहे, जखमींना लागू नाही, असं म्हणत कंपन्या काही काळ भांडल्या. २०२० च्या पप्पू देव यादव निकालाने तोही वाद मिटवला. म्हणजे न्यायाधीशाला गुणक आपल्या मनाने ठरवता येत नाही, वाढही नाही. जखमीच्या दाव्यात स्वतःच्या खर्चाची वजावट करायची नाही, हेही ठरलेलं आहे.

बाईंचं उत्पन्न महिना नऊ हजार धरा. चाळीस टक्के वाढवले की १२,६००. वर्षाचे १,५१,२००. पंधराने गुणले की २२,६८,०००. इथवर कुठल्याही गावचं, कुठलंही न्यायाधिकरण याच आकड्यावर येईल. आता या रकमेचे किती टक्के? कंपनीचे आठ धरले तर १,८१,४४०. दाखल्याचे पंचवीस धरले तर ५,६७,०००. आमच्या न्यायाधिकरणाने काम करण्याच्या क्षमतेचं नुकसान साठ टक्के धरलं, त्याचे १३,६०,८०० झाले. आणि उत्पन्नाचा पुरावा नाही म्हणून कंपनीने सुचवलेले सहा हजार धरून आठ टक्के काढले असते, तर १,२०,९६०. एकच बाई, एकच गुडघा, एकच गुणक, आणि दोन टोकांत अकरा पटींचं अंतर. ते ज्या दोन जागांमुळे पडतं, त्या म्हणजे उत्पन्न आणि टक्का. साहेब ज्याला न्यायाधीशाची लहर म्हणतात, ती या दोन फटींतून आत येते. माझा अनुभव असा, की ती आली तर बहुतेक वेळा आकडा खालीच ओढते.

टक्क्याबद्दलचा कायदा धूसर आहे, असंही नाही. राजकुमार विरुद्ध अजयकुमार हा निकाल ऑक्टोबर २०१० मधला. त्यात सर्वोच्च न्यायालयाने अगदी घरगुती उदाहरण दिलं आहे. डावा हात तुटला. माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर कमाईचं नुकसान जवळपास शंभर टक्के. तोच सरकारी कारकून असेल तर नोकरी टिकू शकते, मग कमाईचं नुकसान नाही, मात्र वेदना आणि जगण्यातल्या सुखांची हानी यांचं वेगळं द्यायचं. अवयवाचा टक्का, शरीराचा टक्का आणि कमाईचा टक्का या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. आधी माणूस काय करू शकतो आणि काय नाही ते पाहा, मग तो अपघाताआधी काय करत होता ते पाहा, आणि मग ठरवा. साहेबांनी हा निकाल अर्थातच वाचलेला आहे. त्यातला त्यांना आवडणारा भाग वेगळा: उपचार न केलेल्या डॉक्टरांकडून आणलेल्या 'तयार' दाखल्यांपासून सावध राहा, असंही न्यायालयाने त्यातच बजावलं आहे. ते खरंच आहे आणि ते मीही मान्य करतो. पण औषधाच्या कागदावरची एकच सूचना वाचून गोळी घेणाऱ्यासारखं ते होतं.

यानंतर आलेले निकाल पाहा. पप्पू देव यादव प्रकरणातला तरुण वीस वर्षांचा, डेटा एंट्रीचं काम करणारा. त्याचा हात गेला. दाखला एकोणनव्वद टक्क्यांचा. उच्च न्यायालयाने पंचेचाळीस धरले, सर्वोच्च न्यायालयाने पासष्ट. म्हणजे दाखल्याचा आकडा दोघांनीही जसाच्या तसा उचलला नाही. साहेब म्हणतील, बघा, एकाच हाताचे तीन टक्के! मी म्हणेन, एकाच प्रश्नावर तीन ठिकाणी विचार झाला आणि प्रत्येकाला आपलं कारण लिहून द्यावं लागलं. कारण लिहिलेलं असलं की त्यावर भांडता येतं. भिंतीवरच्या पत्रकाशी कसं भांडणार?

आणि मुख्य म्हणजे, दरपत्रकाचा प्रयोग या देशात होऊन गेला आहे. वादात हे कुणी काढत नाही, म्हणून जरा सविस्तर सांगतो. १९९४ च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्याला दुसरं परिशिष्ट जोडलं गेलं. चूक कुणाची हे सिद्ध न करता त्या तक्त्याप्रमाणे भरपाई मागता येत होती. हेतू चांगला होता. त्यात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा चाळीस हजार होती. गंभीर दुखापतीच्या वेदनेचे पाच हजार, किरकोळ दुखापतीचे एक हजार. औषधोपचाराचा खर्च बिलं दाखवली तरी जास्तीत जास्त पंधरा हजार. १९९४ साली हे आकडे तसे फार वावगे वाटत नसतील. पण डाळ वाढली, सोनं वाढलं, पेट्रोल वाढलं, हॉस्पिटलच्या खाटेचं भाडं कुठल्या कुठे गेलं, आणि पत्रक तिथंच. सरकारला आकडे बदलण्याचा अधिकार कायद्याने दिलेला होता. २०१३ साली पुट्टम्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला केंद्राला सांगावं लागलं की आता तरी बदला. बदल झाला मे २०१८ मध्ये. चोवीस वर्षांनी. त्या चोवीस वर्षांत पायात रॉड घातलेल्या माणसाला पत्रकानुसार शस्त्रक्रियेचे कमाल पंधरा हजार मिळणार होते.

२०१८ चं नवं पत्रक तर साहेबांच्या मनातलंच होतं. पाच लाख, गुणिले कामगार भरपाई कायद्याच्या अनुसूचीतला टक्का. अंगठ्याला त्या अनुसूचीत तीस टक्के. म्हणजे अंगठ्याचे दीड लाख झाले. सोनार असो, शिवणकाम करणारी असो, नाहीतर कुलूप लावून घरी बसलेला भाडेवसुली करणारा असो. तेही पत्रक टिकलं नाही. २०१९ च्या दुरुस्तीने, जी या प्रकरणांपुरती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली, आणखी सोपं करून टाकलं: मृत्यू पाच लाख, गंभीर दुखापत अडीच लाख. 'गंभीर दुखापत' या शब्दाचा फौजदारी कायद्यातला अर्थ घेतला तर तुटलेला दातही त्यात बसतो आणि कमरेखाली लुळा पडलेला माणूसही. दोघांना अडीच लाख. ही रक्कम स्वीकारली की न्यायाधिकरणातला दावा संपतो. छोट्या फ्रॅक्चरला झटपट पैसे मिळण्यासाठी ही सोय वाईट नाही, माझ्या काही पक्षकारांना मीच ती घ्यायला सांगेन. पण तीच सगळ्यांना लावा म्हणणं म्हणजे सगळ्या पायांना सात नंबरचीच चप्पल.

उत्पन्नाच्या फटीकडे वळू. इथे मला राग येतो, तो लपवत नाही. बंगळूरच्या एका हमालाने २००४ च्या अपघातासाठी आपलं उत्पन्न महिना साडेचार हजार सांगितलं होतं. न्यायाधिकरणाने कुणी न मागता ते तीन हजारांवर आणलं. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये साडेचार हजार परत बसवले. दीड हजारासाठी तो माणूस दिल्लीपर्यंत गेला! दुसरा, भाजी विकणारा, २००८ च्या अपघातात पाय गमावलेला. न्यायालयाने २०१४ मध्ये त्याचं उत्पन्न साडेसहा हजार आणि नुकसान पंच्याऐंशी टक्के धरलं, आणि भाजीवाल्याकडे पगाराचा कागद मागू नये, असं स्पष्ट केलं. तरी आजही तालुक्याच्या बाजारात पाटी घेऊन बसणाऱ्या बाईला साक्षीच्या पिंजऱ्यात विचारलं जातं, "उत्पन्नाचा दाखला हजर केला आहे का?" तिच्या भाजीची पावती प्रश्न विचारणाऱ्याने तरी कधी मागितली आहे? गृहिणीच्या श्रमाची किंमत धरायला हवी, हेही २००१ पासून पुन्हा पुन्हा, शेवटी २०२१ च्या निकालात तर ठासून सांगावं लागलं. साहेबांना न्यायाधीशागणिक बदलणारा आकडा खुपतो ना? मग त्यांनी आधी या फटीसाठी पत्रक मागावं: किमान वेतनाच्या खाली उत्पन्न धरायचं नाही. त्या पत्रकावर मी आत्ता सही करतो. गंमत अशी, की उत्पन्नाचा विषय निघाला की कंपन्यांना पत्रक नको असतं, पुरावा हवा असतो.

त्यांचं एक म्हणणं मात्र मला खोडता येत नाही. वेदनेचे पैसे. एकाच जिल्ह्यात मांडीच्या हाडाच्या फ्रॅक्चरला एका कोर्टात पंचवीस हजार आणि शेजारच्या कोर्टात लाख, हे मी पाहिलं आहे, आणि त्यामागचं कारण निवाड्यात एका ओळीचंही नसतं. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कायमचं सगळं गमावलेल्या एका माणसाला वेदनेपोटी पंधरा लाख दिले. ते योग्यच होते, पण त्याखालच्या पायऱ्या कोणत्या, हे खालच्या न्यायाधीशाला कुणी सांगितलेलं नाही. लहान मुलांच्या बाबतीत २०१३ मध्ये तशा पायऱ्या आखल्या गेल्या: दहाच्या वर तीस टक्क्यांपर्यंत तीन लाख, साठपर्यंत चार, नव्वदपर्यंत पाच, त्यावर सहा. उपचार आणि मदतनिसाचा खर्च वेगळा. इथे, या एका सदरात, साहेबांचं पत्रक चालेल. फक्त दर काही वर्षांनी ते आपोआप वाढलं पाहिजे. सरकारच्या सवडीने वाढणाऱ्या पत्रकाचं काय होतं, ते वर सांगितलं.

खोट्या दाव्यांचं काय? आहेत. गाडी बदलून दाखवणं, दुचाकीवरून आपला आपणच पडलेल्याला टेम्पोने ठोकल्याचं दाखवणं, हे होतं, आणि त्यात वकील असतात हे लिहिताना मला लाज वाटते. उत्तर प्रदेशातल्या अशा दाव्यांसाठी विशेष तपास पथक नेमावं लागलं. पण दरपत्रकाने हे थांबेल कसं? प्रत्येक हाडाची किंमत भिंतीवर लिहिलेली असेल तर बनावट दावा करणाऱ्याचं काम सोपंच होईल, त्याला साक्षीदारही उभा करावा लागणार नाही. चोराला पकडणारी गोष्ट म्हणजे उलटतपास, आणि साहेबांना नेमका तोच नको आहे.

हप्ते वाढतील ही भीतीही तपासून पाहावी. पंचाहत्तर ते दीडशे सीसीच्या दुचाकीचा थर्ड पार्टी हप्ता २०२२ मध्ये ठरला तो वर्षाला ७१४ रुपये. महिन्याला साठ. यात रस्त्यावरच्या परक्या माणसाचा पाय, डोळा, मणका, सगळं मर्यादेशिवाय सुरक्षित आहे. एवढ्या स्वस्तात या देशात दुसरं काही मिळत असेल तर मला कळवावं.

उलट, जी उदारता म्हणून मिरवली जाते ती पोचते का, हे बघायला हवं. एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून हाती घेतलेल्या प्रकरणात दिसलं की एकट्या गुजरातमधल्या न्यायाधिकरणांत सुमारे २८२ कोटी रुपये कुणी न नेता पडून होते. मंजूर झालेले, जमा झालेले पैसे. पक्षकार मेला, गाव सोडून गेला, बँकेचं खातं नाही, वकिलाने कळवलंच नाही. त्यात २०२२ मध्ये दावा सहा महिन्यांत दाखल करण्याची अटही परत आली, जी १९९४ मध्ये मुद्दाम काढून टाकली होती. मोडलेल्या कमरेने सहा महिने खाटेवर पडलेला माणूस कोर्टात येईतो मुदत संपलेली असते. लॉटरीचं तिकीट काढायलासुद्धा याहून जास्त सवड देतात.

पुन्हा त्या बाईंकडे येतो. त्यांची साक्ष चालू असताना कंपनीच्या वकिलांनी, आणि ते सज्जन आहेत, अगदी मऊ आवाजात विचारलं होतं, "बाई, उभं राहून करता येईल असं काम तर तुम्ही करू शकता ना?"

बाई म्हणाल्या, "कंचं, सायेब? तुमी सांगा, उद्याच्याला जाते."

कोर्टात कुणी काही बोललं नाही. वकिलांनी फाईलचं पान उलटलं. साक्षीच्या कागदावर साक्षीदाराचे प्रश्न लिहायची पद्धत नाही, त्याचं उत्तरात रूपांतर करतात. टंकलेखकाने नोंदवलं ते असं: 'उभे राहून करता येण्यासारखे काम मला माहीत नाही.'

न्यायाधिकरणाने साठ टक्के धरले त्याविरुद्ध कंपनी अपिलात गेली आहे. अपिलाच्या कारणांत सहाव्या क्रमांकावर या वाक्याचा हवाला देऊन लिहिलं आहे, की अर्जदाराने पर्यायी काम शोधण्याचा कोणताही प्रयत्न केल्याचं पुराव्यावरून दिसत नाही.